न खोडता येणाऱ्या नोंदी
‘डॉक्टर हू’च्या विश्वातले काळाचे स्थिर बिंदू

२१ नोव्हेंबर २०५९. मंगळावरच्या गुसेव्ह विवरात माणसाची पहिली वसाहत उभी आहे. तळावर नऊ माणसं, त्यांची कप्तान ॲडलेड ब्रुक. विवराखालच्या बर्फापासून मिळवलेल्या पाण्यात काहीतरी जिवंत आहे आणि त्याचा एक थेंब अंगावर पडला की माणूस माणूस राहत नाही. एकेक जण त्याला बळी पडतो आहे. अशा वेळी अंतराळपोशाख घातलेला एक पाहुणा तळाबाहेर पडतो आणि तांबड्या मातीतून आपल्या यानाकडे चालू लागतो. शिरस्त्राणातला रेडिओ चालूच आहे. मागे राहिलेल्यांच्या किंकाळ्या, धावपळ, एकमेकांना मारलेल्या हाका त्याच्या कानांवर पडताहेत. त्याच्याकडे काळ आणि अवकाश दोन्ही ओलांडणारं यान आहे. मनात आणलं तर तो सगळ्यांना घेऊन निघू शकतो. तरी तो चालत राहतो.

हा पाहुणा म्हणजे बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या मालिकेचा नायक, डॉक्टर. गॅलिफ्रे ग्रहावरचा ‘टाइम लॉर्ड’. बाहेरून निळ्या पोलीस बॉक्ससारखं दिसणारं त्याचं ‘टार्डिस’ नावाचं यान आत मात्र अफाट मोठं आहे. मरायला टेकला की तो देह बदलतो, त्यामुळे अभिनेते बदलत गेले तरी नायक तोच राहिला. वरचा प्रसंग २००९ मध्ये दाखवलेल्या ‘द वॉटर्स ऑफ मार्स’ या भागातला. मदतीला धावून जाणं हाच ज्याचा स्वभाव, तो इथे पाठ फिरवतो, कारण त्या तळाचा त्या दिवशी होणारा विनाश हा काळातला एक ‘स्थिर बिंदू’ आहे.

डॉक्टरच्या विश्वात काळ बहुतेक ठिकाणी मऊ असतो. इथे एक माणूस वाचला, तिथे एक युद्ध टळलं, तरी काळ स्वतःला सावरून घेतो. काही घटना मात्र अशा असतात की पुढच्या शेकडो गोष्टी त्यांच्यावर उभ्या असतात. ॲडलेडच्या मृत्यूने तिची नात पेटून उठणार आहे आणि पुढे प्रकाशाच्या वेगाने जाणारं पहिलं यान प्रॉक्सिमा सेंटॉरीकडे नेणार आहे. माणूस ताऱ्यांपर्यंत पोचतो तो या मृत्यूमुळे. तेव्हा त्याला हात लावायचा नाही, असा नियम. तो खरोखर काय बांधून ठेवतो आणि काय मोकळं सोडतो, हे बघायला लागलं की गंमत सुरू होते.

नियम आला कुठून

‘डॉक्टर हू’चा पहिला भाग २३ नोव्हेंबर १९६३ रोजी दाखवला गेला. निर्माती व्हेरिटी लॅम्बर्ट. पहिल्या कथेचा दिग्दर्शक वारिस हुसेन. त्याचा जन्म लखनौचा. मुलांना करमणुकीबरोबर थोडा इतिहास आणि थोडं विज्ञान शिकवावं, असा मालिकेचा हेतू होता. म्हणूनच डॉक्टरच्या पहिल्या सोबत्यांमध्ये एक शिक्षिका इतिहासाची आणि एक शिक्षक विज्ञानाचा. आता जी मालिका इतिहास शिकवायला निघाली, तिचा नायक इतिहास बदलत सुटला तर शिकवायचं काय? त्यामुळे सुरुवातीचा नियम कडक होता : भूतकाळात जा, बघा, जीव वाचवून परत या, पण काही बदलू नका.

१९६४ सालच्या ‘द ॲझटेक्स’ या चार भागांच्या कथेत या नियमाची पहिली मोठी परीक्षा झाली. इतिहासाची शिक्षिका बार्बरा मेक्सिकोत ॲझटेक लोकांमध्ये पोचते. तिथे तिला एका दिवंगत पुरोहिताचा अवतार समजून देवत्व बहाल केलं जातं. बार्बराला वाटतं, नरबळीची प्रथा बंद पाडली तर स्पॅनिश येतील तेव्हा या संस्कृतीतलं जे चांगलं आहे ते टिकेल. डॉक्टर तिला परोपरीने अडवतो. ती ऐकत नाही आणि हरते. बळी जायचे ते जातातच. फक्त एका म्हाताऱ्या पुरोहिताच्या मनातली श्रद्धा ढळते आणि तो शहर सोडून निघून जातो. संस्कृती वाचली नाही, पण एक माणूस बदलला, एवढंच समाधान डॉक्टर तिला देऊ शकतो.

पुढच्याच वर्षी ‘द टाइम मेडलर’ या कथेत डॉक्टरच्याच जातीचा एक लुडबुड्या भेटतो. साधूच्या वेषात तो १०६६ च्या इंग्लंडमध्ये दबा धरून बसला आहे. व्हायकिंगांचं आरमार आधुनिक शस्त्रांनी उडवून द्यायचं, म्हणजे राजा हॅरॉल्डचं सैन्य दमणार नाही आणि हेस्टिंग्जची लढाई तो जिंकेल, असा त्याचा बेत. इथे मालिकेने नकळत एक गोष्ट कबूल करून टाकली : इतिहास बदलता येतो. येत नसता, तर या साधूला अडवायची धडपड कशाला करावी लागली असती?

या कबुलीने लेखकांची पंचाईत झाली. काहीच बदलता येत नसेल तर नायकाला करायला काही उरत नाही. सगळंच बदलता येत असेल तर कुठल्याच मृत्यूला वजन राहत नाही. शेवटी यानात बसून मागे गेलं की झालं. अनेक वर्षांच्या खंडानंतर २००५ मध्ये मालिका नव्याने सुरू झाली. त्यानंतर लेखकांनी मधला रस्ता काढला. काही क्षण स्थिर, बाकीचे प्रवाही. कोणते कुठले, हे टाइम लॉर्डला आपोआप दिसतं.

पॉम्पेईचा सावकार

हा मधला रस्ता सर्वांत स्पष्ट दिसतो तो २००८ सालच्या ‘द फायर्स ऑफ पॉम्पेई’ या भागात. डॉक्टर आणि त्याची सोबतीण डॉना व्हेसुव्हियसच्या उद्रेकाच्या आदल्या दिवशी, इसवी सन ७९ मध्ये, पॉम्पेईत उतरतात. डॉनाचा प्रश्न साधा आहे : लोकांना सांगून शहर रिकामं का करायचं नाही? डॉक्टर म्हणतो, हा क्षण स्थिर आहे. मग कथा एक क्रूर वळण घेते. डोंगराच्या पोटात दगड आणि आगीचे परग्रहवासी दडले आहेत आणि ज्वालामुखीची सगळी शक्ती शोषून ते पृथ्वी ताब्यात घेणार आहेत. त्यांना रोखायचं तर उद्रेक घडवावा लागणार. म्हणजे जी आपत्ती टाळायची नाही एवढंच डॉक्टरला वाटत होतं, ती आता त्यालाच आपल्या हाताने आणायची आहे. तो खटका दाबताना डॉना त्याच्या हातावर आपला हात ठेवते. या पापात निदान तो एकटा नाही.

निघताना डॉना रडत विनवते : सगळं शहर नको, एखादं तरी माणूस वाचव. डॉक्टर परत फिरतो आणि केसिलियस नावाच्या गृहस्थाला बायको आणि दोन मुलांसह उचलून आणतो. काळाला तडा जात नाही, आकाश कोसळत नाही. शहर बुडायचं होतं, ते बुडालं. पण त्या शहरातलं प्रत्येक माणूस मेलंच पाहिजे, असं काळाने कुठेही म्हटलेलं नव्हतं.

या केसिलियसला खरा आधार आहे. लुसियस केसिलियस युकुंडुस हा पॉम्पेईतला सावकार आणि लिलावातला मध्यस्थ. त्याच्या घरात १८७५ मध्ये मेणपाट्यांवर लिहिलेल्या पावत्या सापडल्या, दीडशेच्या वर. त्यातल्या शेवटच्या इसवी सन ६२ च्या सुमाराच्या, म्हणजे पॉम्पेईला हादरवणाऱ्या मोठ्या भूकंपाच्या आसपासच्या. त्यानंतर हिशेब थांबतात, म्हणून तो त्या भूकंपातच गेला असावा, असं पुष्कळांना वाटतं. त्याच्या घरातल्या एका शिल्पपट्टीवर भूकंपाने कललेल्या इमारतीही कोरलेल्या आहेत. याच सावकाराला ‘केंब्रिज लॅटिन कोर्स’ या पाठ्यपुस्तकाने ब्रिटनमधल्या शाळकरी मुलांच्या घराघरात पोचवलं आणि तिथून तो मालिकेत आला. उद्रेकाची तारीखही बघा. परंपरेने ती २४ ऑगस्ट मानतात आणि मालिकाही तीच धरते. पण २०१८ मध्ये पॉम्पेईतल्या एका भिंतीवर कोळशाने लिहिलेली ऑक्टोबरमधली तारीख सापडली आणि बऱ्याच अभ्यासकांचा कल शरद ऋतूकडे झुकला. मालिकेतल्या सर्वांत ठाम ‘स्थिर बिंदू’ची तारीखसुद्धा आपण नोंदींवरूनच ठरवतो आणि नवी नोंद सापडली की ती हलते.

घटना की तिची नोंद?

मालिकेतले स्थिर बिंदू एकापुढे एक मांडले की एक गोष्ट लक्षात येते. काळ जपतो तो घटनेचा निकाल. ती कशी घडली, कोणाच्या हातून घडली, खरोखर घडली का नुसती दिसली, हे तो फारसं तपासत नाही.

२००५ सालच्या ‘फादर्स डे’मध्ये ‘स्थिर बिंदू’ हा शब्दप्रयोग आलेला नाही, पण कल्पनेची पायाभरणी तिथेच आहे. रोझ ही तरुणी ७ नोव्हेंबर १९८७ या दिवशी जाते आणि मोटारीखाली मरणाऱ्या आपल्या बापाला बाजूला ओढते. काळाला जखम होते आणि त्या जखमेतून आलेले पंखवाले राक्षस माणसं खात सुटतात. शेवटी बापालाच उमगतं की आपण असायला नको. तो स्वतःहून त्या मोटारीपुढे धावतो. मृत्यू तोच, दिवस तोच. पण आधी रोझच्या आईच्या आठवणीत तो रस्त्यावर एकटाच मेला होता आणि मोटारवाला पळून गेला होता. आता ती लेकीला सांगते की मोटारवाला थांबला होता आणि कोणी अनोळखी मुलगी शेवटपर्यंत त्याचा हात धरून बसली होती.

२०११ सालच्या ‘द वेडिंग ऑफ रिव्हर साँग’मध्ये खुद्द डॉक्टरचा मृत्यू स्थिर ठरतो : २२ एप्रिल २०११, संध्याकाळचे ५ वाजून २ मिनिटं, युटामधलं सायलेन्सिओ सरोवर. त्याला मारायचं काम जिच्यावर लादलंय ती रिव्हर ऐन वेळी नकार देते आणि सगळा काळ त्या एका मिनिटात अडकून पडतो. लंडनमध्ये विन्स्टन चर्चिल पवित्र रोमन सम्राट म्हणून मिरवतोय, रस्त्यावर रोमन रथ धावताहेत, बागेत उडते सरीसृप पोरांच्या अंगावर येताहेत आणि घड्याळं ५:०२ च्या पुढे सरकत नाहीत. तोडगा असा निघतो की डॉक्टर आपल्याच रूपातल्या एका यंत्रमानवाच्या आत बसतो. गोळ्या त्या यंत्राला लागतात, विश्व डॉक्टरला मरताना बघतं आणि काळ मार्गी लागतो. विश्वाला मृत्यू नको होता, मृत्यूचं दृश्य हवं होतं.

२०१३ सालच्या पन्नासाव्या वाढदिवसाच्या भागातही हीच युक्ती. युद्धात गॅलिफ्रे आपणच जाळला, हे ओझं डॉक्टर कित्येक वर्षं वागवत असतो. तिथे त्याची अनेक रूपं एकत्र येऊन अख्खा ग्रह काळाच्या एका कोपऱ्यात लपवतात. वेढा घालून बसलेल्या शत्रूच्या गोळ्या मधली जागा रिकामी झाल्यामुळे एकमेकांनाच लागतात. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, दोन्ही बाजू संपल्या. नोंद जशीच्या तशी राहिली, आतला अर्थ उलटला.

नोंदीची ही सत्ता डॉक्टरवर उलटतेही. २०१२ सालच्या ‘द एंजल्स टेक मॅनहॅटन’मध्ये १९३८ च्या न्यूयॉर्कवरची एक रहस्यकथा त्याच्या हातात आहे आणि तिच्यात त्याचं आणि त्याच्या सोबत्यांचंच पुढे काय होणार ते छापलेलं आहे. तो बजावतो की पुढचं वाचू नका. एकदा वाचलं की ते पक्कं झालं. त्याची सोबतीण ॲमी एक पान पुढे वाचते आणि रिव्हरचं मनगट मोडणं अटळ होऊन बसतं. पुढे थडग्यावर कोरलेलं नाव दिसतं आणि तिथे डॉक्टरची सगळी हुशारी संपते. इथे डोळ्यांनी वाचलेलं अक्षर हाच स्थिर बिंदू आहे.

कोणी ठरवायचं?

आपल्याकडे अटळ मृत्यूच्या कथांची वाण नाही. परीक्षिताने तक्षकापासून वाचायला काय कमी केलं? खांबावर महाल बांधला, पहारे बसवले, वैद्य आणि मांत्रिक जवळ ठेवले, आणि सातव्या दिवशी फळातल्या अळीच्या रूपाने मृत्यू आत आलाच. तिथे टाळण्याचा प्रत्येक प्रयत्न फसतो, कारण शाप मोडूच शकत नाही. डॉक्टरच्या विश्वात तसं नाही. स्थिर बिंदू मोडता येतो, पण त्याची किंमत इतरांना मोजावी लागते. म्हणून त्याला दैव म्हणता येत नाही. तिथे नियम पाळायचा की नाही, हे माणसाला ठरवावं लागतं.

मंगळावरच्या कथेचा शेवट याच प्रश्नावर येतो. चालत निघालेला डॉक्टर अखेर मागे फिरतो. टाइम लॉर्डांमध्ये आपण एकटेच उरलोय, मग काळाचे नियम आपलेच, असं त्याच्या डोक्यात शिरतं. तो ॲडलेडला आणि आणखी दोघांना वाचवून त्याच रात्री बर्फ पडत असलेल्या लंडनमध्ये तिच्या दारात आणून सोडतो आणि स्वतःवर खूश होतो. कोण महत्त्वाचं आणि कोण किरकोळ, हे आता मी ठरवणार, अशी त्याची भाषा. ॲडलेड हे ऐकते, घरात जाते आणि स्वतःला गोळी घालते. तिचा मृत्यू मंगळाऐवजी पृथ्वीवर नोंदला जातो, पण नात ताऱ्यांकडे जातेच. स्थिर बिंदू पूर्ववत करते ती एक साधी माणूस, आणि तेही ज्या टाइम लॉर्डने तो राखायचा त्याच्या विरोधात उभी राहून. या भागाला पुढच्या वर्षी ह्यूगो पुरस्कार मिळाला.

२०१८ मध्ये जोडी व्हिटेकर डॉक्टर झाल्यावर हा प्रश्न कल्पित वसाहतींतून खऱ्या इतिहासात उतरला. ‘रोझा’ हा भाग अलाबामातल्या मॉन्टगोमेरीत, १ डिसेंबर १९५५ च्या आसपास घडतो. गोऱ्या प्रवाशासाठी जागा सोडायला रोझा पार्क्स यांनी नकार दिला तो हा दिवस. त्यातून ३८१ दिवसांचा बस-बहिष्कार उभा राहिला. भविष्यातून आलेला एक वर्णद्वेष्टा हा नकारच घडू नये म्हणून झटतोय. त्याला कोणाला मारता येत नाही, म्हणून तो वेळापत्रकाशी खेळतो. ड्रायव्हर जेम्स ब्लेक त्या दिवशी रजेवर जावा, बस रद्द व्हावी, प्रवासी कमी चढावेत. सगळी लढाई बसच्या फेऱ्या आणि माणसांची डोकी मोजण्यावर येते. रोझा बसल्या होत्या त्या मधल्या ओळीवरून त्यांना उठवलं गेलं ते गोऱ्यांच्या जागा भरल्यामुळे. बसमध्ये पुरेसे गोरे नसतील तर उठ म्हणायची वेळच येणार नाही. शेवटी डॉक्टरचा गोरा सोबती ग्रॅहम उतरायला निघतो आणि त्याच्या लक्षात येतं की आपण बसून राहिलो तरच गर्दी पुरी होणार. ज्या अन्यायाची त्याला चीड आहे, त्याचा भाग होऊन त्याला बसावं लागतं.

त्याच वर्षीचा ‘डिमन्स ऑफ द पंजाब’ आपल्या जास्त जवळचा. लेखक विनय पटेल. ऑगस्ट १९४७, नवी सीमा आखली जाते आहे. यास्मिन या ब्रिटिश मुलीची आजी उम्ब्रीन तरुण आहे आणि प्रेम नावाच्या हिंदू तरुणाशी लग्न करते आहे. हा प्रेम आपला आजोबा नव्हे, हे यास्मिनला ठाऊक आहे. तो जगला तर तीच जन्माला येणार नाही. डॉक्टर त्याला वाचवत नाही. प्रेमचा धाकटा भाऊ द्वेषाने पेटलेली टोळी घेऊन येतो आणि सख्ख्या भावाचा जीव जातो. ज्यांना सगळे मारेकरी समजत होते ते परग्रहवासी तिथे वेगळ्याच कामासाठी आलेले असतात : एकाकी मरणाऱ्यांच्या शेजारी थांबायचं आणि त्यांची आठवण ठेवायची. फाळणीत मेलेल्या लाखोंची नोंद कुठल्याच वहीत नाही, हे ज्याला माहीत आहे त्याला हा धागा सांगावा लागत नाही.

विज्ञान काय म्हणतं

यात विज्ञान किती? स्थिर आणि प्रवाही अशी क्षणांची विभागणी भौतिकशास्त्रात नाही. पण भूतकाळात जाता आलं तर काय, यावर गंभीर विचार झालेला आहे. १९४९ मध्ये कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांतूनच असं फिरतं विश्व काढून दाखवलं, जिथे प्रवासी वळसा घालून आपल्याच भूतकाळात पोचू शकतो. रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह यांच्या तत्त्वानुसार अशा विश्वातही विसंगती निर्माण करणारी घटना घडूच शकत नाही. यावर बिलियर्डच्या चेंडूचा एक पेच मांडला गेला : ‘वर्महोल’ म्हणतात तशा एका बोगद्यातून भूतकाळात गेलेला चेंडू बाहेर येऊन स्वतःलाच धडकला आणि आत शिरण्यापासून अडवलं तर? किप थॉर्न यांच्या विद्यार्थ्यांनी गणित केलं, तेव्हा अशा वाटा सापडल्या की चेंडू स्वतःला ओझरता धक्का देतो, आणि त्याच धक्क्याने वळून बरोबर बोगद्यात शिरतो. निकाल टिकतो, तपशील जुळवून घेतात. स्टीफन हॉकिंग यांनी मात्र १९९२ मध्ये असा तर्क मांडला की निसर्ग अशी यंत्रं मुळात होऊच देत नसावा. त्यांनी २००९ मध्ये कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि आमंत्रणं मेजवानी संपल्यावर जाहीर केली. कोणी आलं नाही.

मराठी वाचकाला या प्रश्नाचं दुसरं उत्तर जयंत नारळीकरांनी फार आधीच देऊन ठेवलं आहे. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अशा जगात जाऊन पोचतात, जिथे १७६१ मध्ये विश्वासरावांना गोळी चाटून जाते आणि मराठे जिंकतात. परत येताना त्यांच्या खिशात त्या जगातल्या बखरीचं एक फाटकं पान राहतं. नारळीकरांच्या विश्वात काळाला फाटे फुटतात. पानिपत हरलेलं जग आणि जिंकलेलं जग, दोन्ही आपापल्या जागी खरी, म्हणून तिथे स्थिर बिंदूची गरज पडत नाही. प्रत्येक शक्यतेला स्वतःची बखर मिळते. डॉक्टरच्या विश्वात बखर एकच. तिथे विश्वासरावांना वाचवायचं तर पानावरचा निकाल खोडायला कोणी परवानगी देणार नाही. पण गोळी लागून पडलेला तो देह कोणाचा होता, हे त्या पानावर लिहिलेलं नसेल, तर ‘डॉक्टर हू’च्या लेखकाला कथा लिहायला तेवढी जागा पुष्कळ झाली.